हाड जोडतं कोण?

मांडीचं हाड मोडलं, की अमेरिकेतल्या दवाखान्याच्या कागदावर त्याचा सात जागांचा एक कोड होतो. एस७२ म्हणजे मांडीचं हाड. पुढचा ३ म्हणजे हाडाचा मधला दांडा, २ म्हणजे आडवं मोडलेलं, १ म्हणजे उजव्या पायाचं आणि जागेवरून सरकलेलं. सहा जागा भरल्या की मोडण्याची हकीकत संपली. सातव्या जागेवर एक अक्षर येतं. हा माणूस आज दवाखान्यात आला तेव्हा त्याच्या हाडाचं कुठवर आलंय, ते या अक्षराने सांगायचं.

मी अंबाजोगाईला घरी बसून हे कोड टाकते. बीएस्सी झाल्यावर पुण्यात कोर्स केला, परीक्षा दिली, तिथल्या कंपनीत रात्रपाळ्या केल्या आणि घरून काम करायची मुभा मिळाली तशी परत आले. ज्यांचे कागद वाचते ती माणसं मी कधी पाहिलेली नाहीत, पाहणारही नाही. पण कोण जिन्यावरून पडलं, कोण कुत्र्याला फिरवताना घसरलं, कुणाचा गुडघा किती वाकतो, हे मला माहीत असतं. आई शेजारणींना सांगते, ‘अमेरिकेच्या दवाखान्याचं लिहायचं असतं तिला.’ त्याहून नेमकं मलाही सांगता येणार नाही.

सातव्या जागेसाठी सोळा अक्षरं आहेत, पण रोजच्या कामात ‘ए’ आणि ‘डी’ या दोघांचंच राज्य. ‘ए’ म्हणजे उपचार चालू आहेत: तातडीचा विभाग, ऑपरेशन, किंवा नव्या डॉक्टरने हातात घेतलेली केस. नवशिके इथे हमखास अडकतात. त्यांना वाटतं पहिली भेट ‘ए’, दुसरीपासून ‘डी’. भेट कितवी याला काही अर्थ नाही. करण्यासारखं होतं ते करून झालं आणि आता हाड भरून यायची वाट बघायची, तिथून ‘डी’ सुरू. फोटो काढायचा, टाके बघायचे, वॉकर काढून काठी द्यायची, ‘दीड महिन्यानं या’ म्हणायचं. हाड उशिरा भरत असेल तर ‘जी’, जुळतच नसेल तर ‘के’, वाकडं जुळलं तर ‘पी’. सुरळीत चाललंय तो ‘डी’. उपचारानंतरच्या काळजीसाठी ‘झेड’ने सुरू होणारे वेगळे कोड आहेत, पण अपघातात मोडलेल्या हाडाला ते लावायचे नाहीत असा स्पष्ट नियम आहे. ज्या कोडाखाली मोडलं, त्याच कोडाखाली भरायचं. अमेरिकेने ही पद्धत १ ऑक्टोबर २०१५ पासून लागू केली. त्याआधीच्या कोडांत हे सातवं अक्षर नव्हतंच.

कोड म्हणून ‘डी’ सगळ्यात सोपा. पण तो टाकता टाकता एक प्रश्न डोक्यात शिरला तो निघायला तयार नाही. ‘डी’च्या काळात काम करतं कोण?

डॉक्टरचं काम झालेलं असतं. रॉड नुसता धरून ठेवतो. रोगी तर पडूनच असतो. तरी आत कारखाना चालू. मोडलेल्या जागी रक्त साकळतं, दोन-तीन आठवड्यांत त्यात मऊ कूर्चेचा गोळा धरतो, त्यात हळूहळू कॅल्शियम भरत जातं आणि एक्सरेत तो हाडाभोवती वेचणीला आलेल्या कापसाच्या बोंडासारखा फुललेला दिसतो. मांडीचं हाड जुळायला साधारण चार ते सहा महिने लागतात. पुढे काही वर्षं तो जास्तीचा भाग झिजवत हाड आपला जुना आकार परत घेत राहतं. कातडी खोल कापली तर व्रण राहतो, पहिल्यासारखी कातडी तिथे परत येत नाही. हाड मात्र हाडानेच भरतं. १८९२ साली यूलियस वोल्फ या जर्मन शल्यविशारदाने मांडलं, की हाडावर जसा भार पडतो तशी त्याची घडण बदलते. ज्या बाजूला भार, त्या बाजूला हाड दाट. म्हणून तर डॉक्टर ठरावीक वेळी ‘आता थोडा पाय टेकवा’ म्हणतात.

सुश्रुताने हाड मोडण्याचे बारा प्रकार वेगळे केले. त्यातला ‘चूर्णित’, म्हणजे चुरा झालेलं हाड, आमच्या यादीतही आहे. मांडी मोडलेल्याला फळीवर झोपवून बाजूंनी खुंट्या ठोकायच्या, म्हणजे पाय हलणार नाही, हेही तो सांगतो. आणि मग मुदत देतो: लहान वयात महिना, मध्यम वयात दुप्पट, म्हातारपणी तिप्पट. बांधायचं कसं हे सांगून झाल्यावर एवढा मोठा शल्यवैद्य दिवस मोजायला बसतो, मला त्याचं हेच आवडतं. सोळाव्या शतकातला फ्रान्सचा आंब्रवाझ पारे, राजांचा शल्यवैद्य, म्हणायचा की मी फक्त मलमपट्टी केली, बरं देवाने केलं. १५६१ साली घोड्याच्या लाथेने त्याचा स्वतःचाच पाय मोडला होता, तेव्हा असं बोलायचा त्याला अधिकार होता.

आमच्या गावात हा प्रश्न नवा नाही. मुकुंदराजांची समाधी इथे बालाघाटाच्या डोंगरात आहे. शके १११०, म्हणजे ११८८ साली त्यांनी ‘विवेकसिंधु’ लिहिला असं परंपरा मानते. कुठे लिहिला यावरून विद्वान भांडतात, भांडोत. शंकराचार्यांचं अद्वैत मराठीत आणणारा हा ग्रंथ. देह करतो, इंद्रियं करतात, तू करत नाहीस, तू बघणारा आहेस, ही त्यातली शिकवण आमच्याकडे कीर्तनांतून इतकी झिरपलीय की ग्रंथ न उघडलेला माणूसही सहज बोलून जातो. मग चारशे वर्षांनी दासोपंत झाले. त्यांची पासोडी इथेच आहे: चाळीसेक फूट लांबीच्या जाड्याभरड्या कापडावर लिहिलेलं पंचीकरण. पाच भूतं, प्रत्येकाचे पाच भाग, असा सगळा देह मांडून दाखवायचा. पृथ्वीच्या वाट्याला अस्थी, मांस, त्वचा, नाडी, रोम. हाड पृथ्वीचं.

हे वाचलं तेव्हा मला गंमत वाटली, की हाही कोडरच. खाने पाडायचे, प्रत्येक अवयव आपल्या खान्यात घालायचा, एकही सुटू द्यायचा नाही. फक्त हेतू उलटा. दासोपंत भाग मोजतात ते शेवटी ‘यातलं काहीच तू नाहीस’ असं म्हणण्यासाठी. मी मोजते ते ‘हे बिल याचंच’ असं म्हणण्यासाठी.

‘डी’पाशी मात्र दोघांची गाठ पडते. हाडाच्या भरण्यात ‘मी केलं’ म्हणणारा कुणीच सापडत नाही. गीतेच्या तिसऱ्या अध्यायात सांगितलंय की कर्मं प्रकृतीच्या गुणांकडून होतात आणि अहंकाराने भुललेला माणूस स्वतःला कर्ता समजतो. हे ऐकताना एरवी मला शंका यायची. मी परीक्षा पास झाले ते काय प्रकृतीने? पण मांडीच्या हाडापुढे शंका टिकत नाही. त्यात माझं काय, डॉक्टरचं काय, कुणाचंच ‘मी’ चालत नाही. इथपर्यंत मी मुकुंदराजांच्या बाजूची.

पुढची गोष्ट आबांची. आबा म्हणजे माझे चुलते. आमचं मूळ गाव धारूर तालुक्यात, बिनपाण्याचं. दसरा-दिवाळी झाली की गाव रिकामं होतं. आबा आणि काकू मिळून एक कोयता. मुकादमाकडून उचल घ्यायची, सहा महिने साखर कारखान्याच्या पट्ट्यात कोपी करून राहायचं, ऊस तोडून उचल फेडायची. तोडणी पहाटे सुरू होते, पण ट्रक भरायला कधी येईल याला वेळ नाही. रात्री दोनलाही येतो. मग मोळी डोक्यावर घेऊन ट्रकला टेकवलेल्या शिडीवरून चढायचं. अशाच एका रात्री दव पडलेलं, शिडी घसरली, आबा मोळीसकट खाली आले आणि उजवी मांडी मोडली.

ऑपरेशन तिकडेच झालं, रॉड टाकला, शासनाच्या योजनेत बसलं म्हणून पैसे लागले नाहीत. महिन्याने आबा घरी आले आणि पुढची तपासणी अंबाजोगाईच्या सरकारी दवाखान्यात ठरली. योजनेत ‘ए’ बसला. ‘डी’ मात्र एसटीच्या भाड्यावर. काकूला अर्धं तिकीट, आबांना पूर्ण.

तपासणीला यायचे तेव्हा मुक्काम आमच्याकडे. मी सवयीने त्यांची पिशवी उलगडली. आमच्याकडे दवाखान्याचे कागद पिठाच्या रिकाम्या पिशवीत असतात आणि एक्सरे नेहमी दुमडलेला. पहिल्या दवाखान्याच्या केसपेपरवर इंग्रजीत लिहिलेलं होतं: राहत्या घरी पाय घसरून पडले. खाली मुकादमाची सही, नातं ‘भाऊ’.

“आबा, हे घरी पडलं असं कुणी सांगितलं?”

“मुकादम बोलला तवा. मला कुठं सुध व्हती?”

“आणि तुम्ही नंतर सांगितलं नाही?”

“सांगून काय करायचं बाई? भोग व्हता, भोगला. आता वैजनाथाच्या कृपेनं पाय धरतोय ना?”

आबा माळकरी, खोटं बोलणारे नाहीत. पण या एका वाक्यात काय झालं बघा. पडले ते भोगाने, भरतंय ते वैजनाथाच्या कृपेने. परळीचा वैजनाथ वैद्यांचा नाथ, त्याला श्रेय देण्यात माझी तक्रार नाही. कर्ता नसलेल्या कामाचं श्रेय कुणाला तरी द्यायचंच तर तिथेच द्यावं. पण पहिल्या अर्ध्यातून मुकादम पसार झाला, रात्रीचा ट्रक पसार झाला, दवातली शिडी पसार झाली. भरण्याला कर्ता नाही, हे तत्त्वज्ञान आबांनी मोडण्यालाही लावून टाकलं. त्यांनी कसलं, आपण सगळ्यांनी. आमच्या भागात कुणी विहिरीत पडलं, कुणाची बोटं यंत्रात गेली, ‘भोग’ हाच शब्द असतो. आणि तो उच्चारला की पुढे कुणी काही विचारत नाही. मुकादमाइतका अद्वैताचा फायदा शंकराचार्यांनीही करून घेतला नसेल.

माझ्या धंद्याचा पहिला नियम असा, की डॉक्टरने लिहिलं नाही ते झालं नाही. कोडरने तर्क करायचा नाही. शंका आली तर डॉक्टरला लेखी विचारायचं, उत्तर येईपर्यंत थांबायचं. आबांचा तो केसपेपर माझ्या कामाच्या पडद्यावर आला असता, तर मी नियमाने ‘घरी पडून’ हाच कोड टाकला असता आणि तपासणाऱ्याने मला पूर्ण गुण दिले असते. हे मला अजून टोचतं. साक्षी असण्याचं मुकुंदराज सांगतात ते वेगळं आणि मी जे करते ते वेगळं, हे तेव्हा नीट कळलं. साक्षी बघतो, मी फक्त कुणाचं तरी लिहिलेलं बघते.

पण याच नियमावलीत एक जागा आहे जी मला आपल्या भोगवादापेक्षा शहाणी वाटते. इजेच्या कोडाशेजारी इजा कशाने झाली याचाही कोड लावता येतो. शिडीवरून पडणं डब्ल्यू११. हा कारणाचा कोड ‘ए’पुरता नसतो, त्या इजेवर उपचार आणि देखरेख चालू असेतो तो बरोबर चालतो, त्यालाही ‘डी’ लागतो. म्हणजे हाड भरतंय, कुणीच काही करत नाही, आणि तरी बाजूच्या ओळीत उभं आहे: शिडीवरून. कारण विसरायला परवानगी नाही. भरणं आपोआप होतं म्हणून मोडणं आपोआप झालं, असं कागद म्हणू देत नाही.

आणि याच नियमावलीत एक खोट आहे, जी आबांच्या कागदापेक्षा फार बरी नाही. कुठे पडलं, काय करताना पडलं आणि ते काम पगाराचं होतं का, हे तीन कोड फक्त एकदा टाकायचे, उपचाराच्या पहिल्या वेळी. वाय९९.० म्हणजे मोबदल्यासाठी केलेलं काम. पहिल्या वेळी लागला तर लागला. त्या वेळी माणूस शुद्धीत नसेल, दुखण्याने ओरडत असेल, शेजारी दुसराच कुणी बोलत असेल, तर ती वेळ गेली. आणि मांडीचं हाड मोडलेला माणूस पहिल्या वेळी दुसऱ्या कुठल्या अवस्थेत असतो?

गल्लीत एक निवृत्त गुरुजी आहेत, ‘विवेकसिंधु’ची पारायणं केलेले. त्यांच्याशी मी यावर वाद घातला. म्हटलं, तुमच्या अकर्तेपणाने आमच्या आबांचा कागद खोटा केला. ते चिडले नाहीत. म्हणाले, “अगं, परमार्थात कर्ता नाही. व्यवहारात आहे. व्यवहारात कर्ता नसता तर धर्मशास्त्राने प्रायश्चित्त सांगितलंच नसतं. ज्याला फायदा होतो त्याने आपल्या सोयीने परमार्थात उडी मारायची नसते.” मग त्यांनी दासोपंतांची गोष्ट काढली. गावात सगळ्यांना ती पाठ आहे, पण या बाजूने मी ती ऐकली नव्हती. दासोपंतांचे वडील वसुलीचे अधिकारी. दुष्काळात सरकारी भरणा झाला नाही, म्हणून बेदरच्या बादशहाने पोराला ओलीस ठेवलं आणि महिन्याची मुदत दिली. पैसे आले नाहीत तर बाटवू म्हणाला. मुदत संपताना दत्ताजी पाडेवार नावाचा कुणी आला, पै न पै मोजून भरणा केला आणि पोर सोडवलं. तो दत्तात्रेय होता अशी श्रद्धा. गुरुजी म्हणाले, “देव आला तो काय बोलला? बादशहाला म्हणाला का, की कर्ता कुणीच नाही, देणं मिथ्या आहे? थैली सोडली आणि मोजून दिली. हिशोबाच्या जागी हिशोब.”

गोष्ट खरी की खोटी हा वेगळा मुद्दा. पण ज्या माणसाने सबंध देह कापडावर मांडून ‘हा तू नाहीस’ म्हटलं, त्याच्याच चरित्राच्या सुरुवातीला लोकांनी एक थकलेला भरणा आणि तो रोखीने फेडणारा देव ठेवला, हे मला महत्त्वाचं वाटतं. लोकांना दोन्ही हवं होतं.

एक कबूल करायला हवं. भोग या शब्दाने आबांना आधार दिलाय. त्यांच्या चेहऱ्यावर कडवटपणा नाही, झोप लागते, नातवंडांशी खेळतात. मुकादमाला शिव्या देत पडले असते तर हाड काही लवकर भरलं नसतं. माणसाला आपल्या दुःखापुरतं प्रारब्ध मानायचा हक्क आहे, असं मी म्हणेन. ते स्वतःच्या तोंडून आलं तर धीर असतो. दुसऱ्याने आपल्या बाजूने ऐकवलं, की त्याचा माफीनामा होतो, आणि तोही सही न करता.

मुकादमाची स्वतःची वही तर प्रारब्ध मानतच नाही. त्यात उचल आहे, खाडे आहेत, शिल्लक आहे. आबा पडले तेव्हा काकूही त्यांच्याजवळ बसल्या, म्हणजे अख्खा कोयता बंद. ते सगळे दिवस खाड्यात धरले गेले आणि शिल्लक पुढच्या हंगामावर गेली. आबांचा पाय भोगाने मोडला, खाडे मात्र आबांनी केले! कर्तेपणाची अशी वाटणी कुठल्या ग्रंथात आहे ते गुरुजींनाही सांगता आलं नाही.

पुढच्या तपासणीला मी बरोबर गेले. ओपीडीत गर्दी, बाकावर जागा नाही, शिकाऊ डॉक्टर पोरगेलासा. एक्सरे उजेडाला धरून म्हणाला, छान भरतंय. माझ्या डोक्यात आपसूक अक्षर उमटलं. मी त्याला म्हटलं, डॉक्टर, आधीच्या कागदावर कारण चुकीचं लिहिलंय, हे ट्रक भरताना शिडीवरून पडलेत. त्याने आबांकडे पाहिलं. आबा जमिनीकडे बघत राहिले. डॉक्टरने पुन्हा विचारलं, “आबा, तुम्ही सांगा.” बराच वेळ गेला. मागचा पेशंट ढकलायला लागला. मग आबा म्हणाले, “व्हय, शिडीवरून. ऊस भरताना.” डॉक्टरांच्या ठरलेल्या भाषेत केसपेपरवर ओळ उतरली: रुग्णाच्या सांगण्याप्रमाणे, ऊस ट्रकमध्ये भरत असताना शिडीवरून पडल्याचा इतिहास. शिक्का पडला.

बाहेर आल्यावर आबा माझ्यावर उखडले. “येवढं लिव्हून काय व्हणार हाय? दसऱ्याला त्याच्याकडंच जायचंय ना मला?” जाता येईल की नाही हाही प्रश्नच होता. उजवा पाय किंचित आखूड पडलाय, चालताना झोका जातो. तो तसाच राहिला तर माझ्या यादीत त्याला ‘एस’ लागेल, मागे राहिलेल्या परिणामाचं अक्षर. त्याला मुदत नाही, वीस वर्षांनीही लावता येतं, आणि लिहिताना क्रम उलटा असतो: आधी आखूड पाय, मग ज्याने तो झाला ती इजा. कर्मफळाच्या चर्चेत आपण नेहमी कर्मापासून सुरुवात करतो. भोगणाऱ्याला फळ आधी दिसतं, हे या क्रमाने बरोबर पकडलंय.

काकू मात्र गप्प बसल्या नाहीत. त्यांनी आबांच्या हातातून केसपेपर घेतला आणि मला विचारलं, “ह्येची झेराक्स किती पैशाला मिळती?” दवाखान्याच्या फाटकासमोरच दुकान आहे. आम्ही चार प्रती काढल्या. एक मुकादमाला दाखवायला, त्याच्या वहीतले खाडे कोणत्या हिशोबाने धरलेत ते विचारायला. एक घरी पत्र्याच्या पेटीत. बाकीच्या दोन काकूंनी कशासाठी ठेवल्यात ते त्या सांगत नाहीत. परळीला नवस फेडायला श्रावणात जायचं ठरलंय. मुकादमाकडे त्याच्या आधी.